मावसाजींचं गुप्त अर्थरक्षक मंडळ

हिंगणघाटात आजवर एकही गुपित टिकलेलं नाही, आणि त्यातही सगळ्यात कमी टिकलेलं गुपित म्हणजे माझ्या मावसाजींचं गुप्त मंडळ. पिढीजात कापडाचं दुकान सांभाळणाऱ्या या माणसाने शब्दांचे अर्थ राखण्यासाठी एक संघटना काढली होती. ती इतकी गुप्त होती, की समोरचा चहावाला दर गुरुवारी दुपारी तीनला न सांगता चार कप घेऊन दुकानाच्या मागच्या खोलीत यायचा आणि विचारायचा, "शेठजी, आज कोणता शब्द धोक्यात आहे?" मावसाजी त्याला गंभीरपणे सांगत, "इथं काई नाई. आमी बसलो आहो फक्त."

मंडळात आम्ही चौघं. मावसाजी स्वतः, जिनिंग कारखान्याच्या वजनकाट्यावर उभा जन्म कापसाच्या गाड्या मोजून निवृत्त झालेले त्यांचे जिवाभावाचे दोस्त, ज्यांना सगळं गाव काटेवाले म्हणायचं, वणा नदीपलीकडून वांगी घेऊन बाजारात येणारी एक बाई, आणि मी. प्रत्येकाकडे एक शब्द सांभाळायला दिलेला. काटेवाल्यांकडे 'बरोबर', बाईंकडे 'ताजं'. बाईंनी तो इतका मनावर घेतला, की त्या गिऱ्हाइकाला आपणहून "हे कालचं आहे" सांगू लागल्या आणि अर्धी टोपली परत नेऊ लागल्या. माझ्याकडे 'लगेच' आला. मी म्हटलं, मावसाजी, मी तर आयुष्यात काहीच लगेच केलेलं नाही. ते म्हणाले, "म्हनूनच तुले देल्ला. तू वापरत नाई, म्हंजे नवाच्या नवा राहीन."

'भव्य' मात्र त्यांनी स्वतःकडे ठेवला होता, कारण त्याच्यावर सगळ्यात जास्त अत्याचार होतात असं त्यांचं मत. चौकात एका पानटपरीच्या 'भव्य उद्घाटना'चा फलक लागला तेव्हा ते कापड मोजायची मीटरपट्टी घेऊन गेले आणि भर समारंभात टपरीची लांबी-रुंदी मोजली. टपरीवाला हात जोडून म्हणाला, "शेठजी, मी आत उभा राह्यलो का टपरी भरून जाते. अजून किती भव्य पाह्यजे?" मावसाजींनी यावर खरोखर विचार केला, आणि एक पान खाऊन परत आले. पराभव मान्य करायची त्यांची एक दिलदार पद्धत होती.

त्यांच्या मुलीच्या लग्नात तर कहर झाला. पत्रिकेवर 'आग्रहाचे निमंत्रण' छापलं होतं. आता छापलं म्हणजे आग्रह करायलाच हवा. ते काटेवाल्यांना सोबत घेऊन घरोघरी फिरले. कुणी दारातच "हो हो, नक्की येतो" म्हणालं, की मावसाजी तिथेच बसकण मारत. "असं पटकन हो नको म्हनू. आंधी नाई म्हन, मंग मले आग्रह करता येते." लोक बिचारे नाही म्हणत, मावसाजी आग्रह करत, काटेवाले शेवटी "बरोबर" म्हणत, मग पुढचं घर. मावशी म्हणाली, "तुमाले पोरीचं लग्न कराचं आहे का शब्दाचं?"

मग काटेवाल्यांना अर्धांगवायूचा झटका आला. दवाखान्यातून घरी आले तेव्हा एक हात लुळा होता आणि वाचा परतली होती, पण शब्द जागचे हलले होते. आम्ही भेटायला गेलो त्या दिवशी ते सारखे "चावी, चावी" म्हणत होते. त्यांच्या बायकोने कपाटाच्या चाव्यांचा जुडगा आणून हातात दिला. त्यांनी तो फेकला आणि रडायला लागले. मला धास्ती मावसाजींचीच वाटली. शब्द इकडचा तिकडे झाला तर यांना जेवण जात नसे. ते मात्र दोस्ताची नजर कुठे वळते ते पाहत होते. मग उठले, माठातून पाणी घेतलं आणि पेला त्यांच्या ओठांना लावला.

दुसऱ्या दिवसापासून ते रोज तिथे जाऊ लागले, एक वही घेऊन. चावी म्हणजे पाणी. मेहुणा म्हणजे पंखा. शनिवार म्हणजे बायको. बाईंनी एकदा भीत भीत विचारलं, "शेठजी, हे आपल्या मंडळात बसते का?"

"काऊन नाई बसत? त्याच्या तोंडी चावी म्हंजे पानीच आहे. काल होतं, आज आहे. तो बदलवत नाई. आपल्यापेक्षा पक्का आहे तो."

मावसाजी स्वतःही तसंच बोलायला लागले. एकदा दुकानात नोकराला म्हणाले, "तो मेहुणा बंद कर, कागद उडून राह्यले." तिथेच त्यांचे खरेखुरे मेहुणे, म्हणजे माझे मामा, बोलत बसले होते. ते तोंड मिटून उठले आणि दोन महिने दुकानाची पायरी चढले नाहीत.

या हिवाळ्यात काटेवाल्यांनी एकदा मावसाजींचा हात धरला आणि म्हणाले, "तिकीट." हा शब्द वहीत नव्हता. मावसाजींनी उशी दिली, औषध दाखवलं, खिडकी उघडली, रेडिओ लावला. काटेवाले नाही नाही अशी मान हलवत राहिले. पण नेहमीसारखे चिडले नाहीत. हात न सोडता पुन्हा हळूच म्हणाले, "तिकीट." चार दिवसांनी ते गेले.

परवा मी दुकानात गेलो तेव्हा मावसाजींनी ती वही माझ्यापुढे सरकवली. शेवटच्या ओळीत 'तिकीट' आणि पुढची जागा कोरी.

"तुले काय वाटते?"

मी म्हटलं, "निरोप घेत असतील. येतो, असं म्हणायचं असेल."

"असन," ते म्हणाले. कापडाच्या ताग्यावरून हात फिरवत राहिले. "मले वाटते, 'बस' म्हनत असन तो. थोडा वेळ बस. मी तर दुकान उघडाचं म्हनून उठून आलो होतो."