अक्काच्या हसण्याच्या खुणा

टीव्हीसाठी विनोदी मालिका लिहायच्या आणि पुढं स्वतःच काढायच्या, हा माझा धंदा. प्रत्येक भाग चित्रीकरणाआधी मी लोहाऱ्याच्या अक्काला, म्हणजे थोरल्या बहिणीला, फोनवर वाचून दाखवायचो. तिची पिठाची गिरणी आहे. ती हसेल तिथं मी पेन्सिलनं खूण करायचो, खुणा कमी पडल्या तर पान पुन्हा लिहायचो. बाकीचे लेखक माझी टर उडवायचे. मी मात्र छाती फुगवून सांगायचो, अक्का हसली की सगळा मराठवाडा हसतो.

यंदा मालिकेला उतरती कळा लागली. पुढचा भाग चालला नाही तर गाशा गुंडाळा, असं चॅनेलनं बजावलं. अक्का त्या भागाला तेवीस ठिकाणी हसली, तरी माझा जीव थाऱ्यावर येईना. ही नेमकी कशाला हसते, हे एकदा डोळ्यांनी बघावं म्हणून मी न सांगता लोहारा गाठलं.

गिरणीच्या दारात उभा राहून तिला फोन लावला आणि तोच भाग वाचू लागलो. अक्का पाठमोरी होती. फोन कान आणि खांद्यात दाबलेला, दोन्ही हातांनी ज्वारी ओतत होती आणि हसत होती. गिरणीच्या घरघरीत मला माझाच आवाज ऐकू येत नव्हता.

दळण संपल्यावर तिच्या पुढ्यात जाऊन विचारलं, "तुला ऐकू तरी येतं का गं?"

"शब्द न्हाय कळत. तुझा आवाज चढून थांबला की समजायचं, इथं हसायचंय."

"पण कशापायी?"

"एकदा हसले न्हाय, तर आठ दिवस तुझा फोन न्हाय आला."

मला लाज वाटली, रागही आला. पण कुतूहल त्याहून मोठं. बंद गिरणीत, पोत्यावर बसून, कुठंही न थांबता तिला सगळा भाग वाचून दाखवला. ती एकदाच हसली. सासरा जावयाचे बूट गुपचूप पायात घालून बघतो, तिथं. तो विनोद नव्हताच, कॅमेरावाल्यासाठी लिहिलेली सूचना होती.

मालिका महिनाभरात बंद पडली. नवी लिहितोय. आता लोहाऱ्यात लाईट गेली, गिरणी थांबली की अक्का स्वतःच फोन करते आणि म्हणते, "हं, वाच." बऱ्याचदा ती हसत नाही.