नकुसाए, म्हणजे नकुसाची

माझ्या आईचं जन्माचं नाव नकुसा होतं.
नकुसा. नको असलेली.

आज पहाटे आई गेली. हे आजच लिहायला हवं.

आजऱ्याकडच्या एका गावात, तीन बहिणींच्या पाठीवर ती जन्मली. घरात सगळ्यांना मुलगा हवा होता. पोरीचं नाव नकुसा ठेवलं की पुढचा मुलगाच होतो, असं तेव्हा मानायचे.
पुढचा मुलगा झाला. माझे मामा.
आईला ते नाव चिकटलं ते चिकटलंच.

लग्नात बाबांनी ताटातल्या तांदळावर अंगठीनं नवं नाव लिहिलं. सुमन.
मग रेशन कार्ड, आधार, दुकानाची पाटी, सगळीकडे सुमन.
माहेरचं कुणी "ए नकू" म्हणालं की आई ऐकूच न आल्यासारखं करायची.

कोल्हापुरात आमचं मिरची कांडप. चटणीच्या सीझनला अख्खी गल्ली शिंकायची, आणि मशीनच्या वर आवाज चढवून आई गिऱ्हाइकांना लायनीत उभं करायची.
त्याच दुकानाच्या मागच्या खोलीत मी बीएस्सीचा अभ्यास केला. डोळे चुरचुरत.

पुढे मी समुद्राच्या तळाशी राहणारे जीव शिकायला गेले. पहिल्यांदा रिसर्चच्या जहाजावर जायची वेळ आली तेव्हा नातेवाईक जमले.
"पोरगी बोटीवर? महिना महिना? एवढ्या बाप्यांत?"
आई म्हणाली, "व्हय. पोहायला येतंय तिला."
विषय संपला.

पुढच्या एका सफरीत आम्हाला एक नवा जीव मिळाला.
मुठीएवढा. आणि एवढा सगळा मिळून एकच पेशी.
तळावरचे वाळूचे कण गोळा करायचे, स्वतःच्याच चिकानं ते जोडायचे आणि नळ्यानळ्यांचं घर बांधून त्यात राहायचं, हे त्याचं काम. नाजूक इतका, की जरा बोट लागलं तरी चुरा होतो.

त्याचं कुळ आधीच माहीत होतं. सिरिंगॅमिना. मूळ ग्रीक. सिरिंक्स म्हणजे पावा, अम्मोस म्हणजे वाळू. वाळूचा पावा!
हे झालं आडनाव. पुढचं, त्याचं स्वतःचं नाव आम्ही द्यायचं होतं. शोधणाऱ्यानं स्वतःचं नाव द्यायची पद्धत नाही.
आमचे सर म्हणाले, "तू ठरव."
माझं ठरलेलंच होतं.

दिवाळीला घरी आले आणि दुकानातच सांगून टाकलं.
"आई, त्याला तुझं नाव देणार. सुमन."

आईनं मशीन बंद केलं.
"सुमन माझं कुटं हाय? ते तुझ्या बाबानं तांदळात लिवलं." मग हाताची चटणी पदराला पुसत, "एकाला दोन नावं पडली, तर तुमच्यात काय करतात?"
"आधी छापलेलं नाव खरं धरतात. नंतर कुणाला आवडलं नाही, अर्थ वाईट वाटला, तरी बदलत नाहीत."
"मग माझं पैलं नाव लाव."

"आई, त्याचा अर्थ..."
"अर्थ मला ठावं हाय की. त्यो ठेवणाऱ्यांच्या मनातला. मी आले, जगले, दोन पोरं शिकवली. आता त्या नावाचा अर्थ मी हाय."

सरांना सांगितलं. ते म्हणाले, "रिसर्च पेपरमध्ये नावाचा खुलासा द्यावा लागतो. तो नीट लिही."
मी लिहिलं, हे नाव माझ्या आईचं, तिला जन्मतः मिळालेलं. त्याचा मराठी अर्थही लिहिला. काही लपवलं नाही.

छापून आलं तेव्हा आईला फोटो दाखवला. खाली नाव, सिरिंगॅमिना नकुसाए.
"ह्यो शेवटला ए कशाला?"
"बाईच्या नावावरून ठेवलं की ए लावतात. पुरुषाच्या नावाला आय. नकुसाए म्हणजे नकुसाची."
"म्हंजे माझी?"
"तुझी."
फोटो डोळ्यांजवळ नेला.
"दिसायला काय बरी न्हाय," म्हणाली. "पर माझी हाय."

त्यानंतरची आई वेगळीच होती.
माहेरी जत्रेला गेली तेव्हा पेपरची प्रिंट सोबत नेली आणि सगळ्यांसमोर मामांना वाचायला लावली.
मामा वरमले. "आक्का, ह्या पेपरात सुमन करून घे की. आमालाच कसंतरी वाटतंय."
"तुमाला वाटू दे. माझं छापून आलंय. आता बदलत न्हाईत."

दुकानात तर प्रत्येक गिऱ्हाइकाला, "माझ्या नावाचा किडा हाय समुद्रात!"
मी म्हणायचे, "आई, किडा नाही. पेशी."
"गप गं. चटणी न्यायला आलेल्याला पेशी काय सांगू?"

आज पंचगंगेवरच्या स्मशानातून परत आलो. मोबाइल उघडला तर परदेशातल्या एका संशोधिकेचा मेसेज होता. आमची ओळख नाही. आई गेल्याचं तिला कुठून माहीत असणार?
त्यांना दुसऱ्या एका समुद्रात हाच जीव सापडलाय. उद्या ती एका परिषदेत त्यावर बोलणार आहे.
'या नावाचा उच्चार नीट कसा करायचा, सांगाल का? मला चुकवायचं नाही.'

व्हॉइस नोट करायला गेले. दोनदा सुरू केली, दोनदा पुसून टाकली.
दादानं मोबाइल हातातून घेतला. मुलं आईचं नाव घेत नाहीत, त्यानंही कधी घेतलं नव्हतं.
डोळे पुसले आणि अगदी सावकाश, एकेक अक्षर मोकळं करत म्हणाला,
"न. कु. सा."

उद्या कुठल्याशा अनोळखी देशात, भरलेल्या हॉलमध्ये, एक बाई माझ्या आईचं नाव बरोबर घेणार आहे.

आई, तुझी लेक म्हणून ताठ मानेनं तुला निरोप देते.
ये आता.