गिऱ्हानाची ज्वारी

रोहण्याच्या स्टेशनात छोटी गाडी शिरली तरी माय माझ्या पिशवीची गाठ आवळतच होती. ही गाडी पुलगावपर्यंत, तिथून पुढे मोठ्या गाडीने नागपूर, आणि नागपुरात कॉलेज. बा जरा लांब उभा होता. "मोठा झाला तरी आमाले इसरू नोको," म्हणाला आणि लगेच दुसरीकडे बघायला लागला. मायला तेवढंही सुचलं नाही. "पीठ ओलं होऊ देऊ नोको," एवढंच ती म्हणाली.

त्या पिठाबद्दलच लिहायचं आहे. वस्तीत मागे राहिलेल्या तुम्हाला ते काही नवीन नाही. पण माझ्यासारखे जे नागपूर, मुंबई, अमेरिका करत गेले, त्यांनी आपल्या मुलांना ते कधी सांगितलं असेल असं वाटत नाही.

आपल्या वस्तीत शेत कुणाचं नव्हतं. एरवी लोकांच्या शेतात मजुरी. पण सूर्याला नाहीतर चंद्राला ग्रहण लागलं की आपल्या बाया टोपल्या घेऊन गावात निघायच्या. "दे दान, सुटे गिऱ्हान!" आपल्याला दान दिल्याशिवाय ग्रहण सुटत नाही, असं गाव मानायचं, खरं म्हणजे आपणही मानायचो. कुणाची ज्वारी, कुणाचे मूठभर गहू, कुणाचा हरभरा, सगळं एकाच टोपलीत पडायचं आणि एकत्रच दळलं जायचं. माझ्या पिशवीत तेच पीठ होतं.

वसतिगृहात आम्ही हाताने रांधायचो. शेजारच्या खोलीतल्या मुलाने एकदा विचारलं, "तुझी भाकर अशी रंगीबेरंगी कशी रे?" माझे कान गरम झाले. त्या दिवसापासून मी सगळ्यांचं आटोपल्यावर चुलीपाशी जायला लागलो. फिजिक्स मात्र झकास चाललं होतं. भिंग, लोलक, प्रकाशाचे पट्टे यांत मी रमून गेलो होतो.

थंडीच्या दिवसांत सूर्यग्रहण आलं. आमच्या सरांनी मैदानात दुर्बीण लावून सूर्याची प्रतिमा पांढऱ्या कागदावर घेतली, आणि हात स्थिर म्हणून सावलीची कड आखायचं काम मला दिलं. केवढा फुगलो होतो मी! तेवढ्यात रस्त्यावरून आरोळी आली, "दे दान, सुटे गिऱ्हान!" पोरं खो खो हसली. सर म्हणाले, "ऐका, हे आपलं विसावं शतक." माय तिकडे रोहण्यात होती, नागपूरच्या रस्त्यावर ती कुठून येणार? तरी मी कान देऊन त्या आवाजांत तिचा आवाज शोधत होतो. तो नव्हता. मला हायसं वाटलं, आणि हायसं वाटल्याचीच लाज वाटली. कारण तीही त्याच घटकेला त्याच सूर्याखाली टोपली घेऊन फिरत असणार. जी कड मी आखत होतो, तिच्याच जिवावर मी जेवत होतो.

सुट्टीत घरी गेलो तर माय खुशीत. "औंदा चांगलं भेटलं रे. तुह्यापुरतं झालं."

मी भडकलो. "पुढच्या गिऱ्हानाले तू जायचं नाई. लाज वाटते मले."

"काऊन?" तिने विचारलं. तिला खरंच कळत नव्हतं. मी पाय आपटत बाहेर निघून गेलो.

पुढे नागपूरला बौद्ध धम्माची दीक्षा झाली. माय आणि बा पांढरे कपडे घालून आले, परत गेल्यावर त्यांनी घरातले देव नदीत सोडले, आणि सगळ्या वस्तीने ठरवलं की आता टोपली उचलायची नाही. त्यानंतरच्या दुसऱ्या उन्हाळ्यात सकाळीच ग्रहण लागलं. मी घरीच होतो. ऊन फिक्कं पडायला लागलं, तरी वस्तीतून कुणी हललं नाही. दान घ्यायलाच कुणी येईना म्हटल्यावर गाव हवालदिल झालं. शेवटी पाटलीणबाई स्वतः आमच्या दाराशी आल्या. मागे धान्याचं सूप घेतलेला गडी.

"सखू, घे वं दान. सुनेले दिवस हायेत माह्या. अशा वक्ती हट्ट करू नोको."

माय दारात ताठ उभी. "गिऱ्हान आपसूक सुटते, बाईसायब. माह्या पोरानं सांगतलं मले. थो तेच शिकून राह्यला नागपूरले."

पाटलीणबाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी मान डोलावली. त्या गड्याला घेऊन परतल्या. माय आत आली, भिंतीला टेकून बसली.

"सुटन ना रे खरंच?" तिने हळूच विचारलं. "तिच्या सुनेले काई होनार नाई ना?"

"सुटन, माय," मी म्हणालो. मी तिला ग्रहणाबद्दल कधी एक अक्षर सांगितलं नव्हतं. मला लाज वाटते, एवढंच सांगितलं होतं.

पुढे मी जन्मभर सूर्याचंच काम केलं. पीएच.डी., फेलोशिप, परदेशातली वेधशाळा. ग्रहणांमागे समुद्र ओलांडले, सभागृहं भरभरून लोकांना सावली कशी पडते ते समजावलं. लेक्चर संपल्यावर टाळ्या वाजतात आणि माझी मान खाली जाते. लोकांना तो विनय वाटतो.

रोहण्याचं आमचं घर आता उरलेलं नाही, मायही नाही. तरी घर म्हटलं की मला तेच दार दिसतं. खरं काय ते ठाऊक नसताना, पोटाशी भीती धरून, माझी माय साऱ्या गावासमोर माझ्या शब्दावर उभी आहे, आणि तो शब्द मी तिला दिलेलाच नाही.