पास नसलेल्या फायली

चिंचोळी एमआयडीसीतल्या त्या टॉवेल कारखान्याच्या गेटवर जोतीराम बसलेला असला, की मालकाचा मेव्हणासुद्धा खिसा चाचपत यायचा. नाव सांग, पास दाव, मग आत जा. जेऊरची शेती भावावर सोपवून आलेल्या या गड्याचं सगळं शास्त्र एवढंच. कामाला येणाऱ्या बायका चेष्टा करायच्या, "दादा, यम आला तरी तुमी पास मागाल!"

"मागणार की. बिनपासाचा कशाला सोडू?"

तोच जोतीराम आज कामगार अधिकाऱ्याच्या कचेरीत घामानं निथळत उभा होता. समोरच्या कॉम्प्युटरच्या पडद्यावर एक करडी चौकट आली होती. वर इंग्रजीत कसलंसं नाव, शेवटी डीएलएल, आणि खाली अर्थ एवढाच, की ही फाइल सापडत नाही, चित्रण चालणार नाही.

भिंतीजवळच्या बाकावर सारजाबाई बसली होती. उजवा हात पदराखाली. टॉवेल सुकवायच्या रोलरनं तिची चार बोटं नेली होती. रोलरवर लोखंडी जाळी असते, हात आत जाऊ नये म्हणून. माल लवकर निघावा म्हणून सुपरवायझरनं ती काढून ठेवली होती, आणि बाईला दवाखान्यात नेल्यावर गुपचूप परत बसवली. वर लेखी कळवलं, जाळी बाईनंच काढली, निष्काळजीपणा. निष्काळजी! बोटं बाईची गेली आणि काळजी म्हणे हिनंच घ्यायची होती! हा शब्द कागदावर एकदा बसला, की भरपाई गेली आणि वर खोटेपणाचा डाग राहिला.

पण रोलरच्या बरोबर डोक्यावर कॅमेरा होता. कॅमेऱ्याची पेटी नवं साठवताना जुनं पुसत जाते, हे जोतीरामला ठाऊक. पुसायच्या आत त्यानं गेटवरच्या कॉम्प्युटरवरून त्या दिवसाचं चित्रण पेनड्राइव्हमध्ये घेतलं. नोकरी जाईल हे कळूनच घेतलं. पेटीतलं आता पुसून गेलेलं. सगळं जग त्या बोटाएवढ्या पेनड्राइव्हात.

"चला, पुरावाच नाही म्हणायचा," कारखान्याचे वकील फाइल मिटत म्हणाले.

अधिकारी बाई तुसड्या नव्हत्या, पण घाईत होत्या. "जेवणाची सुट्टी संपेपर्यंत थांबते. तोवर चाललं तर ठीक, नाहीतर आहे त्या कागदांवर मी अहवाल देणार. पेनड्राइव्ह इथंच टेबलावर राहील. कुणी हात लावायचा नाही."

जोतीरामनं मोबाइलमध्ये त्या चौकटीचा फोटो काढला.

"दादा," सारजाबाई हळूच म्हणाली, "हाय न्हवं त्यात? तुमी बघितलाव न्हवं?"

"हाय गं. ह्या डोळ्यांनी बघितलंय."

"मग जावा. मी हितनं हलत न्हाय." आणि तिनं टेबलावर जी नजर रोवली, ती वकिलालाही अवघड व्हायला लागली.

रिक्षा शुक्रवार पेठेच्या तोंडाशीच अडकली. पुढं टेम्पोतून कापसाच्या गाद्या उतरत होत्या. जोतीराम उतरला आणि पळत सुटला. डोक्यात एकच, चित्रण खराब झालं असलं तर? सारजाबाईला तोंड कसं दाखवू?

दानेश्वरीचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान बोळाच्या टोकाला. अक्कलकोटकडची बाई, हातात स्क्रू ड्रायव्हर आणि जिभेला धार. फोटो बघून, सगळी हकिकत ऐकून तिनं कपाळावर हात मारला.

"अय्यो मामा! चित्रणाबरोबर बारीक बारीक फायली आलेल्या की. त्या कुटं गेल्या?"

जोतीरामनं सांगून टाकलं, "उडवल्या."

"का?"

"वळखीच्या न्हवत्या. कसली तरी नावं, शेवटाला डीएलएल. हापिसातले म्हणायचे, अनोळखी फाइल दिसली की व्हायरस समजा. मला वाटलं, बिनपासाच्या घुसल्यात. पण उडवल्यावर मी चालवून बघितलं, लेकी. गेटवर झ्याक चाललं!"

"चालणारच. गेटवरच्या कॉम्प्युटरच्या पोटात त्या आधीच बसवलेल्या होत्या. तुमचा प्लेअर, म्हंजे चित्रण दाखवणारा प्रोग्रॅम, नुसतं दार उघडतो. चित्र उलगडायचं, आवाज काढायचा, ही कामं ह्या फायली करतात. एकीवर दहा जण विसंबलेले असतात. सरकारी कॉम्प्युटरच्या पोटात त्या कुटनं येणार?"

जोतीराम मटकन स्टुलावर बसला. आयुष्यभर ज्या एका गुणाचा ताठा मिरवला, त्यानंच घात केला होता.

"मग इंटरनेटवरनं घे की."

"कुणाच्याही दारातनं आणू? त्यात निम्मे चोर. आणि वकील बसलाय न्हवं तितं टपून?" दानेश्वरीनं फोटो मोठा करून कॅमेऱ्याच्या कंपनीचं नाव वाचलं. मग लॅपटॉप काखेत मारला. "उठा. आमच्या मठात ह्याच कंपनीचे कॅमेरे हायत, मीच बसवलेत. कुठलंबी चित्रण काढलं, की ह्या फायली संगं येतात."

मठाच्या कचेरीत तिनं हाताला लागलं ते चित्रण काढलं. चप्पल स्टँडचं निघालं. पडद्यावर कॉपी किती झाली ते दाखवणारी पट्टी सरकेना. थोडी सरकली, थांबली. जोतीरामनं आतल्या गाभाऱ्याकडं हात जोडले, लगेच घड्याळाकडं बघितलं, परत जोडले.

"मामा, देवाला एकदा सांगितलं की कळतं. गप बसा."

कामगार अधिकाऱ्याच्या कचेरीत ते परत शिरले तेव्हा वकील पान चघळत खुर्चीत बसले होते. सारजाबाई जेवलीच नव्हती. डबा तसाच बंद.

"बाहेरून फायली आणल्या!" दानेश्वरीनं सांगताच वकील उसळले. "हा बनाव आहे!"

"चित्रण पेनड्राइव्हात हाय आणि पेनड्राइव्ह हितंच होता," जोतीरामचा आवाज चढला. "आमी नुसतं दार उघडायला माणूस आणलाय. का दाराचीच भीती हाय तुमाला?"

"आवाज खाली," अधिकारी बाई म्हणाल्या. स्वतः पेनड्राइव्ह उचलून त्यांनी दानेश्वरीच्या लॅपटॉपला लावला.

पडदा काळा झाला. काळाच राहिला.

मग रोलर दिसला. फिरणारा, पांढरे टॉवेल ओढत जाणारा. वर जाळी नाही. जाळी बाजूच्या भिंतीला टेकवलेली, आणि शेजारी सुपरवायझर बोट दाखवत उभा. मग चौकटीत सारजाबाई आली. पदर खोचलेला, हातात टॉवेलची चळत. पाचही बोटांचा उजवा हात केस मागं सारत होता.

"थांबवा!" ती बाकावरून उठली. "तितंच थांबवा. मी यायच्या आधीच जाळी काढल्याली. दिसलं न्हवं समद्यास्नी? मग फुडचं बघायचं न्हाय."

दानेश्वरीनं बटण दाबलं. अधिकारी बाईंनी पेन उघडलं आणि वकिलांकडं न बघता लिहायला सुरुवात केली.

सुपरवायझर पाठमोरा आणि सारजाबाई धडधाकट, असं चित्र पडद्यावर थांबून राहिलं. ती जवळ गेली. डाव्या हाताचं बोट तिनं त्या उजव्या हाताला लावलं आणि तसंच ठेवलं. जोतीराम दारात जाऊन उभा राहिला, बाहेरच्या बाजूला तोंड करून. तिचं होईपर्यंत तो कुणाला आत सोडणार नव्हता.