रावजी गोताड यांची शिमग्याची रजा

रावजी गोताड मुंबई सोडून कोकणात परतले त्याला चार वर्षे झाली होती. घरी मात्र ते अजून पोहोचले नव्हते. गंगा, त्यांची पत्नी, लांजा तालुक्यातल्या वाडीत एकटी राहत होती आणि ते रत्नागिरीत, एका मोठ्या हॉटेलाच्या मागच्या यंत्रघरात. अंतर एसटीने दोन तासांचे. महिन्यातून एकदा कंपनीचा माणूस यंत्र बंद करून तेल बदलायला येई, तेवढ्या एका दिवसापुरते रावजी घरी जात आणि दुसऱ्या सकाळी पहिल्या गाडीने परतत.

यंत्र गॅसवर चाले. त्यापासून हॉटेलला वीज मिळे आणि इंजिनाची आच वाया न घालवता पाण्यात उतरवली जाई. ते गरम पाणी पाहुण्यांच्या न्हाणीघरांत आणि धुलाईघरात जाई. अडचण एकच होती. पाण्यातली आच कुणी वापरली नाही तर इंजिन तापून आपोआप बंद पडे. म्हणून चादरी केव्हा धुवायच्या आणि कुठली झडप किती फिरवायची, याचा मेळ दिवसभर घालावा लागे. तो फक्त रावजींना जमे, आणि दुसऱ्या कुणाला जमू नये याची त्यांनी काळजी घेतली होती. झडपांवरचे नावांचे पितळी बिल्ले त्यांनी पहिल्याच वर्षी रंगकामाच्या निमित्ताने काढून घेतले होते.

याला लबाडी म्हणणे सोपे आहे. पण मुंबईत कापड रंगवण्याच्या कारखान्यात त्यांनी बॉयलरचे काम दोन तरुणांना मन लावून शिकवले होते, आणि सहा महिन्यांत मालकाने रावजींनाच नारळ दिला होता. ज्या समाजात शिकवणाऱ्याला शिकवल्याची शिक्षा होते, तिथे माणूस आपली विद्या मुठीत धरून बसतो. रावजींनी ती धरली, आणि त्या मुठीत ते स्वतःच अडकले.

शिमग्यात ग्रामदेवतेची पालखी घरोघर येते. रावजींच्या दारात ती तीन वर्षे आली आणि तिन्ही वेळा ओटी भरायला गंगा एकटीच उभी राहिली. रजा मागितली की हॉटेलचे तरुण मालक यज्ञेश शांतपणे विचारत, "रजा तुमच्या हक्काची आहे, रावजी. पण पाणी कोण बघणार?" या प्रश्नात रावजींना पूर्वी मान वाटे. यंदा गंगेने फोनवर पालखी पुढच्या आठवड्यात गुरुवारी येणार एवढेच सांगितले. दरवर्षी ती पुढे विचारायची, "येताव ना?" यंदा तिने विचारले नाही. कोंबडीने अंडी घातल्याचे सांगून तिने फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी सकाळी रावजींनी धुलाईघराच्या मुख्य बाईंना, दर्शनाला, यंत्रघरात बोलावले. आच कुठून निघते आणि कुठे जाते हे सांगताना त्यांचे शब्द अडखळू लागले. दर्शनाने पाइपावर हात ठेवला, झटकन काढला, आणि हसली.

"ही तर वैल हाय, काका. चुलीवर भाकरी, नि बाजूच्या वैलावर त्याच जाळात आमटी. आमटी उचलली नाय तर करपते. येवढं चार वर्षं लपवून ठेवलात?"

रावजींना राग आला नाही, लाज वाटली. त्यांनी पेटीतून बिल्ले काढले. ते त्यांनी फेकले नव्हते, याचे त्यांना स्वतःलाच नवल वाटले. आठ दिवसांत दर्शना सगळे शिकली आणि यज्ञेशने तीन दिवसांची रजा दिली. ती देताना त्याने दर्शनाकडे जरा जास्तच वेळ पाहिले, असे रावजींना वाटले.

गुरुवारी दुपारी ढोल वाडीत आला. रावजींनी पालखीला खांदा दिला, पण ती नाचवण्याची पावले ते विसरले होते. दोन फेऱ्यांतच त्यांना दम लागला. पालखी अंगणात टेकली, गंगेने ओटी भरली, आणि वाडीचे म्हातारे मानकरी गाऱ्हाणे घालायला पुढे झाले. डोळे मिटून, वर्षानुवर्षांच्या सवयीने ते म्हणाले, "ह्या घराचा धनी परमुलखात हाय. त्याला सुखरूप घरी आण रे, म्हाराजा."

अंगणात हशा पिकला. कुणीतरी ओरडले, "आजा, डोळे उघडा, धनी तुमच्या म्होरं उभा हाय." मानकरी ओशाळले आणि शब्द बदलू लागले.

"ऱ्हावं दे," गंगा म्हणाली. तिचा पदर डोक्यावर होता आणि नजर पालखीवर. "चुकलं नाय तुमचं. शनवारी परत जायाचे हायत ते."

हसणे थांबले. मानकऱ्यांनी रावजींकडे पाहिले. जावे लागणार नाही, असे म्हणण्याची रावजींना फार इच्छा होती. आणि बिल्ले पुन्हा झडपांवर लागल्यामुळे ते कदाचित लवकरच खरेही ठरले असते. पण नोकरी जाऊन तसे घरी येणे तिने मागितले नव्हते, आणि त्यांनीही नाही.

मानकऱ्यांनी तेच गाऱ्हाणे पुन्हा घातले. लोकांनी रीतीप्रमाणे "व्हय म्हाराजा" म्हटले. रावजींनी हात जोडले आणि तेही, किंचित उशिराने, म्हणाले, "व्हय म्हाराजा."