दावं न काढता दिलेलं जनावर

आमच्या घरात शेळी विकली तरी दावं विकत नसत. गिऱ्हाइकानं आपलं दावं आणायचं, शेळीच्या गळ्यात अडकवायचं, मग आमचं सोडून आबा, म्हणजे माझे वडील, ते खांद्यावर टाकायचे. परंड्याच्या बाजारातून आबा रिकामं दावं घेऊन परतले की आम्हाला काही विचारावं लागत नसे. पण शेळी कुणाला अर्धलीनं पाळायला दिली, म्हणजे ती त्याच्या घरी राहणार आणि होणारी करडं निम्मी निम्मी, तर ती आमच्याच दाव्यासकट जायची. दावं अंगावर आहे म्हणजे जनावर परत येणार. हे कुणी तोंडानं बोलत नसे, कारण बोलणं म्हणजे समोरच्यावर संशय घेणं झालं असतं.

ह्या रीतीवर विसंबून मी एकदा साफ फसले, आणि तेही एका गेममध्ये. ज्याला हसायचं असेल त्यानं आत्ताच हसून घ्यावं. माझा नवरा हसला, मी शिकवते त्या शाळेतल्या बाकीच्या शिक्षिका हसल्या, त्यामुळं मला त्याची सवय आहे.

गेम साधा आहे. रानात हिंडायचं, गवतातून एखादं चित्रविचित्र जनावर निघतं, त्याला दमवायचं आणि पकडायचं. पकडलेलं गेममधल्या वहीत चढतं. दर दोन-चार वर्षांनी नवा भाग येतो, तो खेळायचं हातातलं नवं मशीन येतं आणि नवी जनावरंही येतात. जुनी जनावरं पुढच्या भागात नेता येतात, पण एकदा नेली की माघारी आणता येत नाहीत. सगळ्या भागांतली झाडून सगळी जनावरं, हजारच्या वर, एकेक करून गोळा करायची हा माझा पोरवयापासूनचा ध्यास होता. मेख अशी की हे एकट्याला जमत नाही. प्रत्येक भाग जोडीनं निघतो, काही जनावरं ह्यात तर काही त्यात. काही तर दुसऱ्याच्या हाती दिल्याशिवाय मोठीच होत नाहीत. म्हणजे विश्वासाचा एक माणूस लागतोच.

माझा माणूस म्हणजे माझा चुलतभाऊ, आमचा दादा. माझ्याहून दीड वर्षानं मोठा, एकाच अंगणात वाढलेला. त्याच्या मामाचं पुण्यात असली मशीनं दुरुस्त करायचं काम होतं. त्यांनी कोपरे फुटलेली दोन जुनी मशीनं, गेम आणि दोन्ही जोडायची वायर आणून दिली. दिवसभर लाईट नसायची तेव्हा आम्ही ती गिरणीवर चार्जिंगला लावून यायचो, आणि गिरणीवाला पिठाच्या हातानं ती परत द्यायचा. गेम इंग्रजीत होता. पळणं, झोपणं, विष, आग हे इंग्रजी शब्द मी शाळेच्या आधी तिथं शिकले. आज चौथीला इंग्रजी शिकवते ती त्या भांडवलावर, हे हेडमास्तरांना सांगायची सोय नाही.

गेममध्ये जनावराला एखादी वस्तू जवळ बाळगायला देता येते. आम्ही सगळ्यात स्वस्त फळ द्यायचो आणि त्याला दावं म्हणायचो. कुणी ठरवलं आठवत नाही, बहुतेक कुणीच नाही. शेळ्यामेंढ्यांच्या घरातली पोरं आम्ही, दुसरी रीत सुचणार कुठून. कायमचं द्यायचं जनावर फळ काढून जायचं. मोठं होण्यापुरतं किंवा पिल्लं काढण्यापुरतं द्यायचं ते फळासकट जायचं, आणि फळासकट परत यायचं. एकदाही चुकलं नाही.

माझं पहिलं जनावर म्हणजे वाटेतल्या गवतात सापडलेलं एक किरकोळ उंदरासारखं पिल्लू. जातीनं फडतूसच म्हणा. त्याला मी आमच्या एका पाटीचं, म्हणजे कोवळ्या शेळीचं, नाव दिलं, जी त्याच उन्हाळ्यात साप चावून मेली होती. पकडणाऱ्यानं दिलेलं नाव दुसऱ्याला बदलता येत नाही, आणि कुणी, कुठं पकडलं हे त्याच्या अंगावर कायम लिहिलेलं राहतं. पुढं जितकी मशीनं आली तितक्यांमधून मी त्याला पहिल्यांदा पुढं नेलं, मग बाकीच्यांना.

पुढं मी डीएड करून परंडा तालुक्यातच शाळेवर लागले. दादा कॉलेजला पुण्याला गेला आणि नंतर सासुरवाडीच्या आधारानं मुरूमला त्यानं खताबियाण्याचं दुकान टाकलं. परंडा आमच्या जिल्ह्याच्या एका टोकाला, मुरूम दुसऱ्या. भेट सणावारी. पण तोवर वायरीची गरज संपली होती, देणंघेणं मोबाईलच्या नेटवर व्हायचं. दुकानामुळं त्याला वेळ नसायचा, म्हणून मी प्रत्येक जनावर दोनदा पकडायची, एक माझ्यासाठी आणि एक त्याच्यासाठी. नवरा म्हणायचा, भावाची चाकरी करतेस. मला ती चाकरी वाटली नाही. मला ती अर्धली वाटायची.

एकच जनावर असं होतं की ते रानात मिळत नाही. एका वर्षी ठरावीक दिवसांत मोठ्या शहरांतल्या दुकानांत जाऊन ते मशीनमध्ये भरून घ्यायचं होतं, पुन्हा कधीच नाही. दादा तेव्हा पुण्यात होता. त्याचा फोन आला, मिळालं बघ. मी त्या आनंदात सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं ओरडले होते. तो म्हणाला, तुझं बाकीचं सगळं भरलं की ते तुझं. तेव्हापासून वहीतली ती एक रिकामी चौकट मी त्याच्या भरवशावर ठेवली. परदेशातली अनोळखी माणसं बदल्यात ते द्यायला तयार होती, मी घेतलं नाही. घरात असताना बाहेर कशाला मागायचं.

दोन वर्षांपूर्वीच्या उन्हाळ्याच्या सुट्टीत माझी बाकीची वही भरली. मी दादाला फोन केला. तो म्हणाला, येत्या रविवारी पाठवतो. रविवारी दुपारी जेवणं झाल्यावर दोघंही बसलो. देणंघेणं करताना दोन्हीकडून एकेक जनावर ठेवावंच लागतं. मी एखादं फालतू ठेवणार होते, तर तो म्हणाला, "तुझं पहिलं ठेव की. आठवण म्हणून त्याचा फोटो काढतो, लगेच परत." मला भरून आलं. मी पहिल्याच्या जवळ फळ दिलं आणि पाठवलं. त्याचं जनावर माझ्याकडं आलं, फळाशिवाय, कायमचं. मशीननं वाजंत्री वाजवून वही पूर्ण झाल्याचं प्रमाणपत्र दाखवलं. त्याला विचारलं, हे पुण्याचंच ना. "तेच हाय," तो म्हणाला. व्हिडिओ कॉल चालू होता, आणि तो माझ्याकडं बघून बोलला. मी रडले, उगाच कशाला लपवू. दुसऱ्या दिवशी शेजारीपाजारी पेढे वाटले आणि कारण सांगितलं नाही, तर बायका माझ्या पोटाकडं बघायला लागल्या.

पहिलं त्या दिवशी परत आलं नाही. त्याच्याकडची लाईट गेली. मग पेरणीचे दिवस आले, दुकानात बियाण्याला झुंबड. मग त्याच्या सासऱ्यांचं ऑपरेशन. मी घाई केली नाही. दावं अंगावर होतं.

त्या पावसाळ्यात मी सगळी जनावरं नव्या साठवणीत हलवायला काढली. सगळ्या भागांची जनावरं एकत्र ठेवायचा तो सामाईक गोठा आहे, आणि तो प्रत्येक जनावर तपासून मगच आत घेतो. खेपेमागून खेप गेली. शेवटी जुन्या मशीनमध्ये एक मागं राहिलं, दादानं दिलेलं. पुन्हा पाठवलं, पुन्हा मागंच. तेव्हा मी पहिल्यांदा त्याच्या अंगावर लिहिलेलं नीट वाचलं. मिळाल्याचं जे साल होतं त्या साली दादा आणि मी दोघंही गावात होतो आणि तो दहावीला गणितात नापास झाला होता. त्यानं पुणं अजून पाहिलंही नव्हतं. जनावर कॉम्प्युटरवर बनवलेलं होतं, आणि बनवणाऱ्यानं तारीख टाकताना घाई केली होती.

मी फोन केला. आधी तो हसला, मग चिडला, मग खरं बोलला. पुण्यात तो त्या दुकानात गेलाच नव्हता. आपण किती शहरात रुळलो हे दाखवायला फोनवर थाप मारली, आणि मी इतकी नाचले की ती मागं घेता येईना. "तू इतकी वर्षं वाट बघतीस म्हणून बनवून दिलं. तुझ्याच आनंदासाठी केलं की." माझ्या आनंदाचं हे खापर माझ्याच माथी. मी म्हटलं, माझं पहिलं परत दे. मग कळलं की ते त्याच्याकडं नाही. इतक्या जुन्या भागात पकडलेलं आणि सगळ्या मशीनांमधून सचोटीनं पुढं आलेलं जनावर परदेशातल्या शौकिनांना हवं असतं. त्याच्या वहीत एक कमी होतं, ते घेऊन त्यानं माझं देऊन टाकलं. कधी? त्याच रविवारी, संध्याकाळी.

मी रागानं फोन ठेवला. पण आपलं दुःख सांगायचं कुणाला? नवऱ्याला सांगितलं असतं तर तो म्हणाला असता, दुसरं पकड. मी गावी गेले आणि आबांना सांगितलं. आबांना गेम कळत नाही. ते गोठ्यात पाला बांधत होते, ऐकता ऐकता त्यांनी एवढंच विचारलं, "दावं व्हतं का?"

"होतं," मी म्हटलं.

"मग त्येनं ते काढलं असंल."

काढलंच होतं. फळासकट त्या माणसानं घेतलं नसतं असं नाही, पण दादानं ते काढून ठेवलं होतं, मला फोनवर त्यानंच सांगितलं होतं, जसं काही ते त्याच्या बाजूनं बोलणारं आहे. आबांनी हातातला पाला खाली ठेवला. "मग चुकून न्हाय झालं," ते म्हणाले आणि पुन्हा त्याच्याशी ह्या विषयावर बोलले नाहीत. आईनं मात्र मला झाडलं. एका गेमपायी भावाशी वैर धरतीस, लाज न्हाय वाटत? तिचंही खरंच आहे. लोक जमिनीपायी धरतात, म्हणजे ते शहाणे.

दिवाळीला मी माहेरी होते. भाऊबीजेला तो येणार नाही असं मला वाटत होतं, पण आला, मुरूमहून दोन एसट्या बदलून, मिठाई आणि मशीन घेऊन. पाटावर बसला. मी टिळा लावला, ओवाळलं. आई बघत होती म्हणून ओवाळलं. ताटात त्यानं साडी ठेवली आणि वर मशीन सुरू करून ठेवलं. पडद्यावर माझं पहिलं होतं. आमच्या पाटीचं नाव, माझं नाव, पकडल्याची जागा, सगळं जिथल्या तिथं. त्या माणसाच्या हातापाया पडून परत आणलं, तो म्हणाला. त्याचे डोळे भरले होते.

मी ते घेतलं. तो गेल्यावर सामाईक गोठ्यात पाठवून बघितलं. गोठ्यानं काही न विचारता आत घेतलं. तारखा मी काचेवर बोट ठेवून वाचल्या, त्यात एकही चूक नव्हती. पण ह्या वेळी चूक राहू द्यायची नाही हे त्याला कळलेलंच होतं. माझं नाव, माझी जागा, माझी तारीख त्याला माझ्याइतकीच पाठ आहे, आम्ही एकाच अंगणात शेजारी बसून खेळलो.

ते खरं असेल तर माझा भाऊ पस्तावला आहे आणि मी त्याच्यावर अन्याय करते आहे. खोटं असेल तर मी त्याच्या हातचं बाहुलं कुरवाळते आहे. दोन्हीतलं काय हे सांगणारं जगात एकच माणूस आहे. तो निघताना मी त्याला दारात अडवून विचारलं होतं, दादा, खरं सांग, हे माझंच हाय का.

"तेच हाय," तो म्हणाला, आणि माझ्याकडं बघून म्हणाला.