बेशरमचं पान

आधीच माफी मागते. माझं शिक्षण चौथीपर्यंतचं. ऱ्हस्व-दीर्घ मला कधी जमले नाहीत आणि अक्षर म्हणजे ओल्या मातीतून कोंबडी चालत गेल्यासारखं. ही वही मी कपाटात साड्यांखाली ठेवते, कोणाला दाखवायची नाही. तरी कोणाच्या हाती लागलीच, तर गोष्ट पाहावी, वेलांट्या पाहू नयेत.

आम्ही तेव्हा जरीपटका मोहल्ल्याच्या बाजूला, नाल्याकाठच्या वस्तीत राहायचो. माझी आतेसासू, जिला सारे आत्याबाई म्हणत, त्या वस्तीची पालेवाली होती. आता हा शब्द कोणाच्या तोंडी नाही, म्हणून सांगते. पालेवाली म्हणजे झाडाला विचारून पान घेणारी आणि ते लोकांच्या कामाला लावणारी बाई. औषध वेगळं. हे पान खायचं नाही, वाटायचं नाही, फक्त जवळ ठेवायचं. सदाफुलीचं पान पाळण्याला बांधलं की रडकं लेकरू झोपायचं. बकरी चुकली, तर तिच्या रिकाम्या दाव्याला शेवग्याचं पान बांधायचं, संध्याकाळपर्यंत ती दारात. कण्हेरीचं पान चौकटीत खोचलं की पाहुणा चहा पिऊन उठायचा, जेवायला थांबायचा नाही. महिनाअखेरीला त्याला फार मागणी असे. कडुलिंब मात्र असल्या बारीक कामांना हो म्हणत नसे.

झाडापुढे उभं राहून काम सांगायचं, डाव्या हातानं पान खुडायचं आणि तळहातावर ठेवायचं. झाडाची मर्जी असली की पान देठावर उभं राहायचं. या कामाचे पैसे घ्यायचे नाहीत, आणि पालेवालीच्या अंगावर कोणाचं देणंही नसावं. देणं असलं की पान लोळतं.

त्या वर्षी दसऱ्यानंतर आत्याबाई कामठीला लेकीकडे राहायला जाणार होत्या. त्याआधी हे काम कोणाच्या तरी हाती द्यायचं होतं. माझी जाऊ तयारच होती. तिला बोलायला फार आवडे. मला बोलायचीच लाज. नळावर कोणी माझ्यापुढे घागर लावली तरी मी नळाकडे पाहत उभी. पण आत्याबाईंच्या ओट्यावर बाया येऊन आपलं सांगत, तिथं ऐकणारीच लागायची. माझं गप्प राहणं तेवढ्या एकाच जागी कामाचं होतं, म्हणून मला तो ओटा हवा होता.

आत्याबाईंनी पारख म्हणून मला पान खुडायला लावलं, तर माझ्या हातावर सदाफुलीचं पान लोळलं. शेवग्याचंही लोळलं.

"कोणाचं देणं आहे का वं तुह्यावर?" आत्याबाईंनी विचारलं.

"नाही जी."

"पान तं आहे म्हणून राहिलं."

मग मी पायाच्या अंगठ्यानं जमीन उकरत सांगितलं. तीन वर्षांपूर्वी बाजारातल्या बांगडीवालीकडून दोन रुपयांच्या बांगड्या भरल्या होत्या. मी पाचाची नोट दिली. ती दहाची समजली आणि तिनं आठ रुपये परत केले. घरी पदराची गाठ सोडली तेव्हा कळलं. परत जाऊन सांगायची लाज वाटली. आज जाईन, उद्या जाईन म्हणता म्हणता ते पाच रुपये घासलेटात गेले.

आत्याबाई हसल्या. "सोपं आहे. नाल्यावर कुठंबी उगवते ते बेशरमचं झुडूप, त्याचं पान घे. ते केसात खोचलं का मुकी बी बोलते."

"ते बी लोळते जी. म्या सकाळीच पाहिलं."

आता त्या पोट धरून हसल्या. बोलायला पान हवं, आणि पान उभं राहायला आधी बोलायला हवं.

मी न बोलता फेडायचं ठरवलं. एक-एक रुपया जमवला. एका दुपारी बांगड्या पाहायचं निमित्त करून पाच नोटांची घडी बांगडीवालीच्या गादीखाली सरकवली आणि निघाले. ती म्हातारी चपला न घालता सायकलच्या दुकानापर्यंत माझ्यामागे पळाली. "ओ बाई, पैसे पडले तुहे." दुकानदारांनी तिच्या इमानदारीचं कौतुक केलं आणि मी माझेच पैसे घेऊन घरी आले.

जाऊ म्हणाली, "दे सोडून. मी बसतो ओट्यावर."

आत्याबाईंनी मला बाजूला घेतलं. "बेशरमचं पान खोच अन् जाय."

"पण ते लोळते नं जी."

"लोळू दे. ते सोबतीले तं राहील."

दुसऱ्या दिवशी अंबाड्यात ते मरगळलेलं पान खोचून मी गेले. बांगडीवालीची सून मागे बसून बांगड्या दोऱ्यात ओवत होती. मी हळूच सांगितलं. म्हातारीला कमी ऐकू येई, हे मला ठाऊक नव्हतं.

"काय म्हणतं वं?"

मी पुन्हा सांगितलं.

"जोरानं बोल नं. जेवली नाहीस का?"

तेव्हा माझ्या गळ्यातून जो आवाज निघाला, तो मीही पहिल्यांदाच ऐकला. "मावशी, माह्यावर तुमचे पाच रुपये आहेत. तीन वर्षं झाले. पाचाच्या नोटीले तुम्ही दहाची समजल्या, अन् म्या सांगतलं नाही."

समोरचा भाजीवाला तराजू धरून तसाच थांबला. मागून सून पुढं आली.

"ताई, आणखी एकदा सांगा. याहूनही जोरानं. गल्ल्यातले पाच रुपये म्याच घेतले म्हणून तीन वर्षं ऐकून राहिली मी."

मी आणखी एकदा सांगितलं. आता भीती गेली होती, आणि त्या पोरीसाठी सांगताना आवाज आपोआप चढला. भाजीवाला हसायला लागला, सूनही हसली. म्हातारीनं सुनेकडे पाहिलं, मग बांगड्यांकडे.

"बरं वं माय, तू नाही घेतले," ती सुनेला म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "चारच दे. खरं बोलली तू."

"नाही जी. पाच घ्या."

"चार दे म्हटलं नं."

"पाचच."

भर बाजारात मी हुज्जत घालत होते, आणि हटले नाही. शेवटी तिनं पेटी उघडली. मी एक-एक नोट टाकत गेले आणि सून मोठ्यानं मोजत गेली. पाचवी नोट पेटीत पडली, तेव्हा अंबाड्यातलं पान ताठ झालं आणि माझ्या कानाला टोचलं.